कुशाबाची लेक आणि माझी काच

मित्रांनो, आपण एक छोटासा खेळ खेळू या. दोन्ही तळहात कानांवर घट्ट दाबून धरा आणि आईकडे बघा. ती काहीतरी बोलते आहे. तिचे ओठ हलत आहेत, भुवया वर जात आहेत, पण आवाज येत नाही. नीट निरखून पाहिलंत तर एखादा शब्द ओळखता येईल. 'जेवायला' असेल, नाहीतर 'अभ्यास'. आता अशी कल्पना करा, की आई तीच आहे, ओठही तेच आहेत, पण ती तुम्हाला न येणाऱ्या भाषेत बोलू लागली आहे. आता काय ओळखाल? बरं, हात खाली घ्या. तुमचा खेळ संपला. मी ज्या माणसाची गोष्ट सांगणार आहे त्याला मात्र हात खाली घेता येत नाहीत.

मी एक जुना टीव्ही आहे. काळाचौकीच्या एका चाळीत, दुसऱ्या मजल्यावर, कोपऱ्यातल्या खोलीत माझं लाकडी टेबल आहे. तुमच्या घरी भिंतीवर टांगलेला टीव्ही असतो तसा मी सडपातळ नाही. माझं पोट मागच्या बाजूला आहे आणि त्याच्यामुळे टेबलाची अर्धी जागा अडते. माझी काच पुढे थोडी फुगलेली आहे. रंगही आताशा धड राहिले नाहीत. लाल जरा फिका पडला आहे आणि हिरवा सगळीकडे डोकावतो. त्यामुळे बातम्या सांगणाऱ्या बाई नेहमी थोड्या आजारी वाटतात.

माझा जन्म एका लांबलचक कारखान्यात झाला. तिथे निळे कोट घातलेल्या बायका ओळीने बसत आणि पुढे सरकत येणाऱ्या आमच्या पोटात तारा आणि तुकडे जोडत. शेवटी बसणाऱ्या मुलीचं काम काच पुसायचं. तिने मला पुसलं, काचेत स्वतःचा चेहरा पाहिला, कानामागे केस सारले आणि मला पुढे ढकललं. त्या दिवशी मला कळलं की मला दोन कामं येतात. पेटलो की मी लांबचं दाखवतो. विझलो की समोर जो उभा असेल त्याला दाखवतो. पहिल्या कामाचं कौतुक सगळे करतात. दुसरं काम कुणाच्या ध्यानातही येत नाही.

मला या घरात आणलं ते सुभद्राने. ती घरची मालकीण. भिशी लागली तेव्हा शेजारणींनी सांगितलं, बांगड्या कर. ती म्हणाली, "बांगड्या एकटीने बघायच्या. टीव्ही सगळे बघतील." तिच्या नवऱ्याने, कुशाबाने, मला गोधडीत गुंडाळून खांद्यावरून जिना चढवला. सुभद्राने मला कुंकू लावलं, माझ्या डोक्यावर क्रोशाचा रुमाल घातला आणि त्या रुमालावर चिनी मातीचं एक हरीण ठेवलं. हरणाचा कान पुढे दीपकने फोडला. दीपक म्हणजे त्यांचा धाकटा मुलगा. थोरली सुचित्रा.

कुशाबा गिरणीत साचेखात्यात होता. साचा म्हणजे माग, कापड विणायचं यंत्र. एका खात्यात शेकडो साचे एकदम चालत. सूत वाहून नेणारा धोटा इकडून तिकडे आदळे, पुन्हा तिकडून इकडे. त्या आवाजात शेजारच्या माणसाच्या कानाशी जाऊन ओरडलं तरी ऐकू जात नसे. म्हणून तिथले कामगार ओठ वाचायला शिकले आणि हातांनी बोलायला शिकले. पाणी हवं, मुकादम येतोय, सुटी झाली, या सगळ्याला खुणा होत्या. सगळ्यात सुंदर खूण मला सुभद्राने दाखवली. म्हणजे तिने ती जाईबाईला दाखवली, मी बघितली. जाईबाई म्हणजे समोरच्या खोलीतली शेजारीण.

एखाद्या कामगाराला डबा खायला जायचं असेल, पण त्याच्या साच्यांवर लक्ष कोण ठेवणार? तेव्हा शेजारचा कामगार त्याच्याकडे बघून आपला तळहात छातीवर ठेवी आणि मग दोन बोटं आपल्या डोळ्यांपाशी नेई. म्हणजे, 'माझं लक्ष आहे. तू जा.' तो जेवून परत आला की पुन्हा तोच तळहात, तीच दोन बोटं. या वेळी विचारणं असे, 'आता तुझं ठीक?' त्यावर परत आलेला माणूस अंगठा आणि पहिलं बोट जुळवून सुताची टोकं पिळतात तसं हवेत पिळून दाखवी. म्हणजे, 'धागा जोडला. साचा चालू आहे.' नियम असा होता की आधी विचारायचं आणि मगच उत्तर द्यायचं. न विचारता कुणी धागा पिळत बसत नसे.

गिरणीने कुशाबाला पगार दिला आणि कान घेतले. मी या घरी आलो तेव्हा त्याला थोडं ऐकू येत होतं. पुढे तेही गेलं. कानात यंत्र घालून पाहिलं. त्याने दोन दिवसांत ते काढून डब्यात ठेवलं. "ह्याच्यातून परत साचेखातांच ऐकाक येता," म्हणाला. त्याची बोली मालवणी आहे. ओठ मात्र तो साऱ्यांचे वाचतो, फक्त बोलणाऱ्याने समोर उभं राहून मराठीत बोललं पाहिजे.

सुचित्रा शाळेत होती तेव्हाची गोष्ट. वक्तृत्व स्पर्धा जवळ आली की ती मला बंद करी आणि माझ्या काळ्या काचेसमोर उभी राहून भाषण म्हणे. तिला काचेत आपला चेहरा दिसे, आणि खांद्यामागे कॉटवर बसलेला बाप दिसे. मुलगी हुशार होती, पण चारचौघांत उभी राहिली की गळा दाटून येई. भाषण मध्येच तुटे. मग कॉटवरून कुशाबा तळहात छातीवर ठेवी आणि दोन बोटं डोळ्यांपाशी नेई. सुचित्रा काचेतच ते बघे. मागे वळत नसे. ती हात थोडा उचलून अंगठा आणि बोट पिळे आणि पुढचं वाक्य सुरू करी. बापलेकीचं हे बोलणं माझ्या विझलेल्या काचेत चाले. आवाज नसे. दीपक बाजूला ओरडत असे, "आई, हिला सांग ना, माझी मॅच चालू आहे."

स्पर्धेला कुशाबा गिरणीच्या कपड्यांतच सभागृहाच्या मागच्या भिंतीला टेकून उभा राहिला म्हणे. ते मी पाहिलं नाही. पण सुचित्राचा करंडक बरीच वर्षं माझ्या डोक्यावर हरणाच्या शेजारी होता.

मग गिरणी बंद पडली. सुचित्रा कॉलेजात अर्थशास्त्र शिकली, आणखी शिकली, शिष्यवृत्ती मिळाली आणि जर्मनीला गेली. तिथेच शिकवू लागली. तिथेच लग्न झालं. दर रविवारी फोन येई. सुभद्रा फोन कानाला लावून ऐके आणि मग कुशाबाकडे तोंड करून सावकाश सांगे. "थंडी खूप आहे म्हणते." "पुस्तक लिहिते आहे म्हणते." कुशाबा सुभद्राचे ओठ वाची आणि मान हलवी. मग तो सांगे, आणि सुभद्रा फोनमध्ये सांगे. लेकीचं बोलणं त्याच्यापर्यंत असं बायकोच्या तोंडून येत असे. किती सोपं होतं ते. सोपं आहे तोवर कुणाला त्याची किंमत वाटत नाही.

मित्रांनो, त्या साथीच्या वर्षी सुभद्रा गेली. विमानं बंद होती. सुचित्राला येता आलं नाही. ती आली ते चार-सहा महिन्यांनी, तोंडावर मास्क लावून. दीपकनेही मास्क लावला होता आणि त्याची बायको दर्शना हिनेही. सगळे काळजीपोटीच लावत होते, कुशाबाला जपायला हवं म्हणून. सुचित्रा खोलीच्या त्या टोकाला स्टुलावर बसली आणि बराच वेळ बोलली. तिचे डोळे भरून आले होते. ती काय बोलली ते मी ऐकलं. आई गेली तेव्हा मी नव्हते, बाबा, मला माफ करा, असं ती म्हणत होती. कुशाबाला मात्र निळं कापड हलताना दिसलं, बाकी काही नाही. तोंडावरचं ते काढ, असं तिला सांगावं हे त्याला सुचलं नाही. त्याचे हात मांडीवर तसेच राहिले. त्याने विचारलं नाही, म्हणून तिनेही काही सांगितलं नाही. तिला वाटलं, बाबा रागावले आहेत. त्याला वाटलं, पोर आता परकी झाली. काही दिवसांनी ती परत गेली.

त्यानंतर रविवारचा फोन दीपककडे येऊ लागला. आता त्यात चित्रही दिसतं. पण हातभर लांब धरलेला तो लहानसा फोन, कुशाबाच्या डोळ्यांत पडलेला मोतीबिंदू, मध्येच थांबणारं चित्र, आणि सगळ्यांनी एकदम बोलणं. कुशाबा मोठ्याने म्हणतो, "बरी आसस मां?" आणि फोन परत देतो.

दोनेक वर्षांपूर्वी एक नवीन गोष्ट सुरू झाली. सुचित्रा तिथल्या टीव्हीवर दिसू लागली. पैसा, पगार, कारखाने, म्हातारपणची पेन्शन अशा विषयांवर तिथे चर्चेचे कार्यक्रम असतात. चार-पाच जण अर्धगोल टेबलाभोवती बसतात, पुढे पाण्याचे ग्लास असतात आणि मध्ये एक बाई हातात कागद घेऊन सगळ्यांना वेळेवर गप्प करते. सुचित्राचं बोलणं तिथल्या लोकांना आवडत असावं, कारण तिला पुन्हा पुन्हा बोलावत. कार्यक्रम झाला की दुसऱ्या दिवशी ती त्याची लिंक घरच्या ग्रुपवर पाठवी. दीपकने माझ्या पाठीला एक छोटी पेटी जोडली आणि फोनमधलं चित्र माझ्या काचेवर आणलं. इतक्या वर्षांनी मी पुन्हा लांबचं दाखवू लागलो.

पहिल्यांदा लावलं तेव्हा अर्धी चाळ खोलीत आणि अर्धी गॅलरीत. भाषा कुणालाच कळत नव्हती. पण चाळीला भांडण कळायला भाषा लागत नाही.

"तो टकलू तिला बोलूच देत नाय बघ," जाईबाई म्हणाली. "मगाधरना मधी मधी करता."

"तो मालकांच्या संघटनेचा आहे, जाईमावशी," दीपकने सांगितलं. "असं भाषांतरात लिहिलंय."

"म्हणूनच. मालकाची जात खयची पण सारखीच. ती बाय तरी गप रव म्हणाना त्याका. नुसती कागद हलवत बसलीहा."

"आता कशावर बोलते आहे?" दर्शनाने विचारलं.

दीपकने फोनवर आलेलं भाषांतर वाचलं. "तिकडे गाड्यांचे भाग बनवणारा कारखाना बंद होतोय. सुचीताई म्हणते, बंद करायच्या आधी आत काम करणाऱ्या माणसांना विचारा. दार लावून झाल्यावर मग विचारू नका."

जाईबाईने कुशाबाकडे बघितलं. मग म्हणाली, "ह्या तर हिचो बापूस गिरणीच्या गेटवर बोलायचो. त्याका कोणी टीव्हीवर नाय बोलावल्यान."

सगळे हसले. कुशाबाही हसला, कारण सगळे हसत होते. तो पुढ्यात खुर्ची घेऊन बसला होता आणि एकटक सुचित्राच्या ओठांकडे बघत होता. कार्यक्रम संपल्यावर दीपक त्याच्यासमोर आला, खाली वाकला आणि विचारलं, "कळलं काही, बाबा?"

कुशाबाने मान हलवली. "तोंड तिचा आसा. पण बोलणा माका वाचूक येणा नाय."

दीपकला वाईट वाटलं. बापाला ओठ वाचायला हवेत, ते लहान दिसतात, म्हणून कळत नसेल, असं त्याने ठरवलं. माझ्या पाठीवरच्या पेटीबरोबर एक छोटा रिमोट आला होता. त्यावर चित्र लहानमोठं करायचं बटण होतं. दीपकने चित्र होईल तेवढं मोठं केलं. आता सुचित्राचा चेहरा माझी सगळी काच भरून टाकी. कपाळाचा थोडा भाग वर कापला जाई, हनुवटीच्या खाली सगळं कापलं जाई, पण ओठ कसे ठसठशीत दिसत. "आता बघा, बाबा," तो म्हणाला. त्या दिवसापासून सुचित्राचा कार्यक्रम नेहमी असाच लावला जाऊ लागला.

मित्रांनो, ज्या घरात माणूस ओठ वाचून जगतो त्या घरातच अशी चूक होते. ती चूक मायेने केलेली होती. पण मला माहीत होतं, की माझ्याकडे संपूर्ण चित्र येतं आहे. टेबल येतं, पाण्याचा ग्लास येतो, टेबलावर ठेवलेले सुचित्राचे हात येतात. ते सगळं काचेच्या कडेला येऊन बाहेर पडत होतं. मला दिसत होतं आणि मला ते दाखवता येत नव्हतं. टीव्हीला तोंड असतं, पण ते दुसऱ्याचं बोलण्यासाठी. स्वतःचं एक वाक्यही मला बोलता येत नाही.

तरी कुशाबा प्रत्येक कार्यक्रम शेवटपर्यंत बघे. कोणी नसलं तरी बघे. ते परक्या भाषेत हलणारे ओठ तो असे वाचत बसे, की जणू आज नाहीतर उद्या त्यांतून एक तरी ओळखीचा शब्द निघेल. एकदा सुचित्रा काहीतरी बोलून किंचित हसली तेव्हा तो पुढे वाकला आणि म्हणाला, "बाबा म्हटलंस काय गो?" तिने तसं काही म्हटलं नव्हतं. ती व्याजदराबद्दल बोलत होती.

या गणपतीत दीपकने जाहीर केलं, "दसऱ्याला नवीन टीव्ही आणायचा. भिंतीवरचा. हा डबा आता देऊन टाकू." दर्शना म्हणाली, "रुमाल आणि हरीण तेवढं राहू दे. आईंचं आहे." कुशाबाने त्यांचे ओठ वाचले आणि माझ्या डोक्यावरचा रुमाल सरळ केला. मला वाटलं, मी जाईन त्याचं दुःख नाही. मी पुष्कळ दाखवलं. पण एक गोष्ट माझ्या कडेवरून रोज निसटून जाते आहे आणि ज्याच्यासाठी ती येते तो माणूस माझ्यापासून दोन हातांवर बसला आहे. ती एकदा तरी त्याला पोचावी.

दीपकच्या मुलीचं नाव पूर्वी. ती चौथीत आहे. तिने शाळेतल्या सुटीत मण्यांचं एक ब्रेसलेट ओवलं होतं. लाल, पिवळे, आणि मध्ये एक मोठा निळा मणी. कुणी ओळखीचं जर्मनीला जात होतं त्यांच्याबरोबर तिने ते आत्याला पाठवलं. त्यानंतर तिचा एकच प्रश्न असे.

"आत्या टीव्हीवर घालणार ना ते?"

"तिथे मोठी मोठी माणसं बसतात ग," दर्शना म्हणाली. "मण्यांचं कशाला घालेल?"

"ती म्हणाली, छान आहे."

"छान आहे म्हणाली. घालते म्हणाली का?"

 पण शनिवारी संध्याकाळी नवीन कार्यक्रम आला तेव्हा पूर्वी माझ्यासमोर मांडी घालून सगळ्यांच्या पुढे बसली. दीपक कामावरून यायचा होता. दर्शना आत भाकऱ्या करत होती. जाईबाई उंबऱ्यात मेथी निवडत होती. कुशाबा त्याच्या खुर्चीत होता. पूर्वीने आईचा फोन जोडला. काच भरून सुचित्राचा चेहरा आला.

"हात कुठे आहेत हिचे?" पूर्वी म्हणाली.

"हात घेऊनच गेली आसतली," जाईबाई म्हणाली. "तां बघ, चष्मो नवीन घेतल्यान."

पूर्वीने माझ्या काचेच्या खालच्या कडेवर गाल टेकवून आत डोकावून पाहिलं. लहान मुलांना अजून वाटतं की काचेच्या आत खाली वाकून बघता येतं. मला तिचा गाल गरम लागला. मग तिने तो छोटा रिमोट शोधला. तो गादीखाली सापडला. तिने एकेक बटण दाबायला सुरुवात केली. आवाज गेला, आवाज आला, काहीतरी निळं आलं, परत चेहरा आला.

"ए, बिघडवशील," आतून दर्शना म्हणाली. "पप्पा येऊ दे."

आणि मग चित्र लहान झालं. वर काळी पट्टी, खाली काळी पट्टी, आणि मध्ये सगळं काही. अर्धगोल टेबल, पाण्याचे ग्लास, कागदवाली बाई, तो टक्कल असलेला माणूस, आणि टेबलावर ठेवलेले सुचित्राचे दोन्ही हात.

पूर्वी काचेला नाक लावून बघत राहिली. डाव्या मनगटावर घड्याळ होतं. उजव्या मनगटावर काही नव्हतं.

"नाही घातलं," ती म्हणाली. एवढंच म्हणाली आणि रिमोट खाली ठेवला.

कागदवाली बाई सुचित्राकडे वळली आणि तिने काहीतरी विचारलं. बाकीचे सगळे तिच्याकडे बघू लागले. सुचित्रा क्षणभर गप्प राहिली. शाळेच्या वेळी गळा दाटे तेव्हा राहायची तशीच. तिचा उजवा हात टेबलावरून थोडासा उचलला गेला. अंगठा आणि पहिलं बोट जुळलं, आणि सुताची टोकं पिळावीत तसं तिने हवेत पिळलं. मग ती बोलू लागली.

कुशाबा उठून पार माझ्या काचेपाशी आला.

"आजोबा, मागे व्हा ना, दिसत नाही," पूर्वी म्हणाली. तिची त्याच्याकडे पाठ होती, त्यामुळे त्याला ते कळलं नाही. त्याने तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि माझ्याकडे बोट दाखवलं.

"मागे ने. तां परत दाखव."

पूर्वीने मागे नेलं. पुन्हा प्रश्न, पुन्हा ती गप्प राहिली, पुन्हा अंगठा आणि बोट.

"तिचा हात वळवळतोय," पूर्वी त्याच्याकडे वळून म्हणाली. "सवय असेल. आमच्या बाई पण खडू असा फिरवतात."

"जुनो लाव. गेल्या वेळचो."

पूर्वीने गेल्या वेळचा लावला. त्यात टक्कल असलेला माणूस लांबलचक बोलला, मग सुचित्राची पाळी आली. बोलण्याआधी तोच हात उचलला गेला, तीच बोटं पिळली. त्याच्या आधीचा लावला, त्यातही तेच. व्याजदराच्या कार्यक्रमातही तेच. दोन वर्षं मी ती बोटं कडेबाहेर सांडत आलो होतो.

कुशाबा खुर्चीत बसला. जाईबाईने मेथी बाजूला ठेवली आणि त्याच्यासमोर येऊन विचारलं, "काय झाला ओ भावजी?"

"साचेखात्यातली खूण," तो म्हणाला. कान गेल्यापासून तो मोठ्यानेच बोलतो, पण त्या दिवशी हळू बोलला. "धागो जोडलो म्हणता. ह्यां आधी इचारल्याबिगर सांगूचा नसता. मी इचारूकच नाय तिका. सुभद्रा गेली तेव्हापासून इचारूक नाय. आणि पोर दर वेळी सांगता."

 जाईबाई गिरणगावात जन्म गेलेली बाई, तिला आणखी काही सांगावं लागलं नाही. तिने पदराने तोंड पुसलं आणि पूर्वीला म्हणाली, "लाव गो परत. बघू दे त्याका."

पूर्वीने परत लावलं. सुचित्राचा हात उचलला जाण्याआधी, ती गप्प असतानाच, कुशाबाने आपला तळहात छातीवर ठेवला आणि दोन बोटं डोळ्यांपाशी नेली. माझ्या काचेतून सुचित्राने धागा पिळून दाखवला. अगदी वेळेवर. तो पुन्हा म्हणाला, लाव. पुन्हा लावलं. पुन्हा त्याने विचारलं, पुन्हा तिने सांगितलं.

पूर्वी हे सगळं बघत होती. ती त्याच्यासमोर येऊन उभी राहिली म्हणजे त्याला तिचं तोंड दिसेल. "आजोबा, ती तिथून बघत नाही. हे कालचं आहे."

"ठाऊक आसा माका," कुशाबा म्हणाला. हात अजून छातीवरच होता.

मित्रांनो, तेव्हा मला माझी मर्यादा कळली. आयुष्यभर मी तिकडचं इकडे आणलं. इकडचं तिकडे नेणं मला कधी जमलं नाही. समोरचा माणूस माझ्याकडे बघून हसला, रडला, माझ्याशी बोलला, तरी त्यातलं काही माझ्या काचेपलीकडे जात नाही. तुमच्या घरातही असं कुणी असेल, ज्याला ऐकू येत नाही, किंवा दिसत नाही, किंवा आता पटकन आठवत नाही. त्याच्यासाठी नवी वस्तू आणा, माझ्यासारखी जुनी टाकून द्या, माझी काही तक्रार नाही. पण बोलताना त्याच्यासमोर या. तोंड दिसू द्या आणि हातही दिसू द्या. त्याला नेमकं काय हवं आहे ते आपल्या मनाने ठरवू नका, त्याला विचारा. आणि त्याला काही सांगायचं असेल, तर ते जिथे पोचायला हवं तिथे पोचतं आहे ना, तेही बघा.

पूर्वीने पुढे काय केलं तेवढं सांगतो.

तिने आधी मला बंद केलं. माझी काच काळी झाली आणि तिच्यात खोली दिसू लागली. कॉट दिसली, उंबऱ्यातली जाईबाई दिसली, खुर्चीतला कुशाबा दिसला. पूर्वीने माझ्या पाठीतून फोनची तार काढली. मग ती वळली आणि आत्या भाषण म्हणायला उभी राहायची नेमकी त्याच जागी उभी राहिली, फक्त माझ्याकडे पाठ करून, आजोबांकडे तोंड करून. तिने फोन दोन्ही हातांनी छातीशी धरला. चेहऱ्यासमोर धरला नाही, कारण मग आजोबांना तिचं तोंड दिसलं नसतं. फोनवरचं व्हिडिओ घ्यायचं लाल बटण दाबलं. आणि आवाज न करता, नुसत्या ओठांनी, सावकाश म्हणाली,

"आता विचारा."